प्रतिप्रश्नाचा अवकाश

उपेक्षितांचे चित्रण हा मराठी साहित्यविचारातील परिचित प्रश्न आहे. कॅमेरा हाती आला की त्याचे स्वरूप पालटते. लेखक स्मृतीतून माणूस उभा करू शकतो. अनुबोधपटकाराला त्या माणसाच्या दारात जावे लागते, आणि दारातला माणूस उलट विचारू शकतो.

आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ (१९८५) या मुंबईतील झोपड्यांच्या पाडकामावरील अनुबोधपटात नेमके हेच घडते. गरिबांची चित्रे घेऊन नाव तुम्ही कमावणार, असे एक झोपडवासी स्त्री दिग्दर्शकालाच सुनावते. हा प्रसंग संकलनात गाळता आला असता. तो राखला गेला. मात्र राखलेला आरोपही अखेर दिग्दर्शकाच्या प्रामाणिकपणाचे प्रशस्तिपत्र ठरू शकतो. म्हणून त्या स्त्रीच्या प्रश्नाचे उत्तर त्या दृश्यात नव्हे, तर पुढील काळात शोधावे लागते. याच पटात गाणारे शाहीर विलास घोगरे यांनी, ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलीस गोळीबारात दहा जण मारले गेल्यानंतर, आत्महत्या केली. त्या मृत्यूपासून सुरू झालेला ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला २०११ साली. एकदा चित्रित केलेल्या माणसाकडे परतणे आणि त्यासाठी चौदा वर्षे देणे, ही या पद्धतीची खरी नैतिक बाजू होय.

कर्जत-खालापूरच्या संदर्भात हा निकष अधिकच टोकदार होतो. कर्जत-चौक रस्त्यावर २००५ साली उभ्या राहिलेल्या एन. डी. स्टुडिओत ‘जोधा अकबर’साठी मोगल वैभव उभारले गेले. याच चौक परिसरात इर्शाळगडाच्या कुशीत ठाकर आदिवासींची इर्शाळवाडी होती. तिथवर गाडीरस्ता नव्हता. दरडप्रवण गावांच्या शासकीय यादीत तिचे नावही नव्हते. १९ जुलै २०२३ च्या रात्री दरड कोसळली, तेव्हा कॅमेरे डोंगर चढून गेले. २७ मृतदेह हाती लागले, ५७ माणसे बेपत्ता राहिली. चार दिवसांनी शोधकार्य थांबले. बातमीही फार काळ टिकली नाही.

वाडी दिसली ती मृत्यूच्या रूपात. अदृश्यतेवर दृश्यता हा उपाय पुरेसा नाही, हे येथे ध्यानात येते. जिची प्रतिमा देशभर पोचली, त्या वाडीला प्रतिप्रश्न करण्याची सवड मिळाली नाही. दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर जाणाऱ्या कातकऱ्यांचे जगणे टिपायचे, तर पावसाळ्यातील वाडीचे हिरवे दृश्य अपुरे आहे. भट्टीवरचा हंगाम, उचलीचा हिशेब आणि परतीची वाट या साऱ्यांसोबत राहावे लागेल. चित्रणाचा अधिकार सहानुभूतीने मिळत नाही. समोरच्याने ‘तू इथे का आलास?’ असे विचारल्यानंतरही जो थांबतो, पुन्हा येतो आणि टिपलेले त्यालाच आधी दाखवतो, त्याला तो थोडाफार मिळतो.