आवरण डोळ्यांवर, दोष बुद्धीला

आमच्या घरी हिरड्याचा व्यापार. त्यामुळे दर चैत्रात घोडेगावहून डिंभे धरणाच्या कडेने आहुप्याला जाणे ठरलेले. सह्याद्रीच्या कड्यावरील हे गाव. पावसाळ्यात तेथे दिवसचे दिवस धुके असते.

तेथील एका अंगणात दहा वर्षांची मुलगी बाळहिरडा निवडत बसे. खडे-काड्या ती नुसत्या बोटांनी वेगळ्या करी. वडील म्हणाले, "शेठ, हात चलाख हाय तिचा, पर शाळंत डोकं चालत न्हाई." मीही मान डोलावली. वह्या वाटल्या तेव्हा तिने वही नाकाशी नेली. तरीही मला उमगले नाही. पुढल्या खेपेस वजनकाट्यावरचा आकडा वाचण्यासाठी ती काट्याला जवळजवळ चिकटली, तेव्हा मन चरकले.

तपासणीत दोन्ही डोळ्यांचा नंबर उणे सहा निघाला. म्हणजे चष्म्याविना सुमारे 17 सेंटीमीटरच्या पलीकडचे, वीतभर अंतरावरचेही, अंधूक. मग फळा कसा दिसावा? आणि तिने कधी तक्रारही केली नव्हती. सर्वांना असेच दिसते, अशीच तिची समजूत होती.

आपल्या शास्त्रात ज्ञानावरणीय व दर्शनावरणीय ही दोन निरनिराळी कर्मे सांगितली आहेत. चक्षुदर्शनावरण हा दुसऱ्याचा भेद. आम्ही मात्र डोळ्यांवरचे आवरण बुद्धीवर लादले. दुसऱ्याच्या ज्ञानात अंतराय आणणे हे या दोन्ही कर्मांच्या आस्रवाचे कारण आहे, असे तत्त्वार्थसूत्राचा सहावा अध्याय सांगतो. तो अंतराय माझ्या अज्ञानानेही घडलाच.

राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात 2013 पासून शाळकरी मुलांच्या तपासणीची सोय आहे. परंतु चष्मा एकदा देऊन भागत नाही. वाढत्या वयात नंबर बदलतो, काच फुटते, सवंगडी चिडवतात म्हणून चष्मा दप्तरातच राहतो. चष्म्यानेही ज्यांना पुरेसे दिसत नाही, त्यांना पहिला बाक, मोठी अक्षरे, ठळक रेघांची वही हवी, काहींना ब्रेल. 6 ते 18 वर्षांपर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क 2016च्या दिव्यांग कायद्याने लक्षणीय अपंगत्व असलेल्या मुलांना दिला आहे.

आहार, औषध, ज्ञान व अभय या चार दानांपैकी औषध आणि ज्ञान एका चष्म्यात एकत्र येतात. येत्या पर्युषणात वह्या वाटण्यापूर्वी मुलांचे डोळे तपासून घ्यावेत, ही विनंती.

यंदा माल तोलताना ती सहा पावलांवर उभी होती. माझ्या आधी तिनेच आकडा वाचला, आणि वडिलांनी तो मोठ्याने पुन्हा उच्चारला.