वाट पंचायत समितीतून जायची

ठाणे जिल्ह्यातल्या शहापूर-मुरबाडकडचा पुढारी पूर्वी पंचायत समितीत घडायचा. 1 मे 1962 रोजी महाराष्ट्रात जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्या सुरू झाल्या. वसंतराव नाईक समितीने जिल्हा हाच कारभाराचा मुख्य घटक मानला, यशवंतराव चव्हाणांच्या सरकारने कायदा केला, आणि प्राथमिक शाळेपासून पाझर तलावापर्यंतचा कारभार निवडून आलेल्या माणसांकडे आला.

आमच्या लहानपणी समितीचा सदस्य म्हणजे एसटीने तालुक्याला जाणारा माणूस. सदऱ्याच्या खिशात छोटी डायरी. तिच्यात पेन्सिलीने लिहिलेलं असायचं: पाड्यावरचा हातपंप बंद, शाळेची कौलं फुटली, साकव वाहून गेला. मासिक सभेत तो बीडीओंसमोर, म्हणजे गटविकास अधिकाऱ्यांसमोर, डायरी उघडून एकेक ओळ वाचायचा. काम झालं की त्या ओळीवर काट मारायची. नाही झालं तर पुढच्या सभेत तीच ओळ पुन्हा. दोन-चार वर्षांत त्याला कळू लागायचं, की तांत्रिक मंजुरी वेगळी आणि प्रशासकीय मंजुरी वेगळी, कुठल्या लेखाशीर्षात पैसे शिल्लक आहेत, कुठला कागद कुणाच्या टेबलावर अडला आहे. विरोधातल्या सदस्याचं ऐकून घ्यावं लागतं, हेही तिथेच अंगवळणी पडायचं. गावातला नुसता मोठ्या आवाजाचा माणूस असा हळूहळू कारभारी व्हायचा. ही शाळा मला फार मोलाची वाटते.

या शाळेतून माणसं वर गेलीच. किसन कथोरे ठाणे जिल्हा परिषदेचे अध्यक्ष होते. 2004 मध्ये विधानसभेत गेले आणि 2009 पासून मुरबाडचे आमदार आहेत. कपिल पाटील सरपंच होते, मग जिल्हा परिषदेचे अध्यक्ष झाले, 2014 मध्ये भिवंडीचे खासदार आणि 2021 मध्ये केंद्रात पंचायती राज राज्यमंत्री. शहापूर आणि मुरबाड दोन्ही तालुके याच भिवंडी मतदारसंघात येतात.

संस्थेने माणूस घडवला, तशा माणसांनीही संस्था उभ्या केल्या. मुरबाड तालुक्यातल्या शिवळ्याच्या महाविद्यालयाची पाटी वाचा. कला आणि विज्ञान शाखेला शांतारामभाऊ घोलपांचं नाव, वाणिज्य शाखेला गोटीरामभाऊ पवारांचं. मुरबाडच्या राजकारणातली ही दोन मोठी नावं एकाच पाटीवर नांदतात, आणि डोंगराकडच्या वाड्यांमधल्या पोरांना पदवीसाठी कल्याण गाठावं लागत नाही.

पण तेव्हाच्या समितीच्या सभागृहात ठाकर, कातकरी माणूस क्वचितच बोलायचा, बाई तर दिसायचीच नाही. ते बदललं 73व्या घटनादुरुस्तीतल्या आरक्षणाने, 1993 पासून. पुढे अनुसूचित क्षेत्रातल्या पंचायतींसाठी 1996 चा पेसा कायदा आला. शहापूर तालुका पूर्ण अनुसूचित क्षेत्रात, त्यामुळे तिथलं सरपंचपद आदिवासींसाठीच राखीव झालं. मुरबाडचा काही भाग त्यात येतो. 2011 पासून निम्म्या जागा महिलांना मिळाल्या. म्हणजे ज्यांना कधी दार उघडलं नव्हतं, ती माणसं आत आली. यापेक्षा चांगलं काही त्या इमारतींमध्ये घडलं नाही.

आणि नेमकं त्यानंतर सभागृहालाच कुलूप लागलं. 1 ऑगस्ट 2014 ला ठाण्यातून पालघर जिल्हा वेगळा झाला. उरलेल्या ठाणे जिल्हा परिषदेची निवडणूक झाली ती थेट डिसेंबर 2017 मध्ये. पाच वर्षांनी, 2023 च्या सुरुवातीला, मुदत संपली आणि प्रशासक आला. तेव्हा दिल्लीत पंचायती राज राज्यमंत्री होते ते याच जिल्हा परिषदेचे माजी अध्यक्ष. मे 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निवडणुका चार महिन्यांत घ्या असं बजावलं. ते वर्षही सरलं, सभागृह भरलं नाही.

सरपंचाचंही तेच. 2017 मध्ये थेट जनतेतून, 2020 मध्ये पुन्हा सदस्यांमधून, 2022 मध्ये परत थेट. मुंबईत सरकार बदललं की गावच्या सरपंचाची निवड बदलते. इतक्या सहज ज्यांना नियम बदलता येतात, त्यांना नियमांचा धाक कसा राहील?

आता काम हवं तर आमदार निधी, नाहीतर पालकमंत्र्यांची जिल्हा नियोजन समिती. राजकारणात येऊ पाहणारा पोरगा समितीच्या सभेत कसा बसणार? सभाच नाही. तो नेत्याच्या कार्यालयात बसतो, वाढदिवसाचे बॅनर लावतो, जमल्यास ठेका घेतो. माणूस तोही हुशार असतो, पण त्याला प्रश्न विचारणारं कुणी नसतं आणि त्यालाही कुणाला प्रश्न विचारायची सवय लागत नाही.

याची किंमत उन्हाळ्यात दिसते. तानसा आणि भातसा ही धरणं शहापूर तालुक्यात, पाणी मुंबईला, आणि आमच्या पाड्यांवर टँकर. टँकर आला नाही तर पूर्वी बाई समितीच्या सदस्याच्या ओट्यावर हंडा आदळू शकत होती. आज तिने कुठल्या ओट्यावर जायचं? प्रशासक अधिकारी आहे, चांगलाही असेल. पण त्याला मतं मागायला तिच्या दारात यायचं नाही.

म्हणून गावकऱ्यांना एवढंच सांगणं आहे. ग्रामसभेला जा, सभागृह भरवा असा ठराव लिहून घ्या, त्याची प्रत मागून घ्या. आणि निवडणूक लागून उमेदवार दारात आला, की कुठल्या पक्षाचे हे नंतर विचारा. आधी विचारा, गेल्या ग्रामसभेला तुम्ही होतात का?