साखरखेर्ड्याचें शिवार आणि रोमँटिक दृष्टि

प्रवासास निघालेला सुशिक्षित मनुष्य पाहण्याजोगें कांहीं असेल तेथेंच बहुधा जातो. बुलढाणा जिल्ह्यांत आलेली मंडळी लोणारचें सरोवर पाहतात, सिंदखेडराजास जिजाऊसाहेबांच्या जन्मस्थानीं मस्तक नमवितात आणि मेहकरास शार्ङ्गधर बालाजीचें दर्शन घेऊन परततात. सिंदखेडराजा व मेहकर यांच्या मधल्या टापूंत असलेल्या साखरखेर्ड्यास पलसिद्धांच्या मठासाठीं किंवा प्रल्हादमहाराज रामदासी यांच्या स्थानासाठीं भाविक येतात; परंतु केवळ रणभूमि म्हणून हें गांव पाहावयास येणारा प्रवासी विरळाच. गांवाबाहेरच्या काळ्या जमिनींत कापूस दिसतो, तूर दिसते, अलीकडे सोयाबीनही दिसतें; लढाई दिसत नाहीं.

तरीही ती येथें झाली. इसवी सन १७२४ च्या ऑक्टोबरांत निजामुल्मुल्क आणि हैदराबादचा सुभेदार मुबारिझखान यांची येथें गांठ पडली. दक्षिणचा कारभार निजामाच्या हातून काढून मुबारिझखानाकडे द्यावा, असा दिल्लीच्या बादशहाचा मनसुबा होता. मुबारिझखान रणांत पडला, निजाम विजयी झाला, आणि १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत चाललेल्या असफजाही राज्याचा पाया या मातींत घातला गेला. विजेत्यानें गांवास फत्तेखेर्डा असें नवें नांव दिलें. तें आज ग्रंथांत वाचावयास मिळतें. लोकांच्या तोंडीं साखरखेर्डाच राहिला.

अशा उजाड दिसणाऱ्या जागीं मनुष्याच्या मनांत जें हालतें, त्याचा विचार करूं लागलें म्हणजे पाश्चात्त्य कलावाङ्मयांतील 'रोमँटिसिझम' हें प्रकरण काय आहे, तें कळूं लागतें. आपल्या घरांतून हा शब्द फार स्वस्त झाला आहे. तरुण मंडळी चांदण्यांतल्या फेरफटक्यास रोमँटिक म्हणतात, आणि वडील मंडळी तोच शब्द 'व्यवहारशून्य' या अर्थानें नाक मुरडून उच्चारतात. दोघांच्याही हातून त्याचा गाभा निसटतो.

मध्ययुगीन युरोपांत लॅटिन सोडून लोकभाषेंत लिहिलेल्या शौर्यकथांस 'रोमान्स' म्हणत. त्यावरून हा शब्द निघाला. पुढें अठराव्या शतकाच्या अखेरीस, नियमांच्या चौकटींत जखडलेल्या काव्यास कंटाळलेल्या पिढीनें त्यास नवें तेज दिलें. १७९८ मध्यें वर्डस्वर्थ व कोलरिज यांनीं 'लिरिकल बॅलड्स' हा संग्रह प्रसिद्ध केला, आणि १८०० च्या आवृत्तीस जोडलेल्या प्रस्तावनेंत खेड्यांतील साध्या माणसांचें जीवन व त्यांची बोली यांस वर्डस्वर्थनें काव्यांत मानाचें स्थान दिलें. १८१४ त स्कॉटनें 'वेव्हर्ली' लिहून पराभूतांच्या कहाणीवर कादंबरी उभारली. चित्रकलेंतही तेंच घडलें. वॉटर्लूची लढाई इंग्रजांनीं व त्यांच्या दोस्तांनीं १८१५ त जिंकली. परंतु टर्नर या इंग्रज चित्रकारानें १८१८ त प्रदर्शनांत मांडलेल्या चित्रांत विजयाचा डौल नाहीं. काळोखांत मशालीच्या उजेडीं आपलीं माणसें शोधणाऱ्या स्त्रिया आणि एकमेकांवर पडलेले शत्रुमित्रांचे देह त्यानें दाखविले. सारांश, वस्तूवर खोटा रंग चढविणें हें रोमँटिक वृत्तीचें काम नव्हे. डोळ्यांना न दिसणारें दुःख मनानें ओळखणें, हें तिचें काम होय.

मराठींत ही दृष्टि केशवसुतांनीं आणिली. बालकवींनीं ती निसर्गाकडे वळविली, हरि नारायण आपट्यांनीं 'उषःकाल' सारख्या कादंबऱ्यांतून ती इतिहासावर टाकिली, आणि गोविंदाग्रजांनीं पानिपतावर कविता रचिली. हें ऋण मोठें आहे. मात्र इतिहासाकडे अशा दृष्टीनें पाहतां पाहतां आपणांस एक संवय जडली. आपला वीर असेल तेथेंच आपलें हृदय हेलावतें; परक्याच्या रणभूमीवर तें कोरडें राहतें.

साखरखेर्ड्यास या संवयीची परीक्षा होते. ज्या दोघांचें येथें वैर, त्यांपैकीं आपला असा कोणी नाहीं. परंतु दोन्हीं फौजांत पडलेल्या शिपायांच्या घरीं वाट पाहणारीं माणसें होतींच. ऑक्टोबरांत वऱ्हाडच्या शेतांत पीक उभें असतें. तें तुडविलें गेलें असेल, तर ज्या कुणब्याचें तें होतें तो खचित आपला होता. त्याचें नांव कोणत्याही तवारिखेनें नोंदविलें नसेल. त्याच्याविषयीं मन कळवळलें, तरच आपली कल्पनाशक्ति खरी. नाहीं तर ती केवळ स्वकीयांची स्तुति.

म्हणून लोणारास मुलाबाळांसह जाणाऱ्यांनीं एक वेळ वाट वांकडी करून येथेंही उतरावें. मुलें विचारतील, "येथें पाहायचें काय?" त्यांस प्रथम घडलेली हकीकत सनांसह सांगावी, कारण सत्याचा आधार सुटलेली कल्पना भरकटते. मग एखाद्या बांधावर त्यांस स्वस्थ बसूं द्यावें. विजेत्यानें ठेविलेलें नांव ज्या बोलींत रुजलें नाहीं, तीच बोली जवळच्या शेतांतून कानीं येत असेल. पोरांना ती ऐकूं द्यावी.