टाळ्यांचा प्रतिध्वनी : ड्यूई बाल्फा आणि केजन फिडल

१/ जुलै १९६४. अमेरिकेच्या ईशान्य किनाऱ्यावरील न्यूपोर्टच्या लोकसंगीत महोत्सवात लुईझियाना राज्यातून आलेले तीन केजन वादक मंचावर उभे होते. त्यांतील ड्यूई बाल्फा मुळात फिडलवादक आणि गायक. परंतु ऐनवेळी दुसऱ्या वादकाच्या जागी ते गिटार घेऊन आले होते. त्यांच्याच सांगण्यानुसार, तोवर त्यांनी एका वेळी फार तर दोनशे माणसे पाहिली होती. समोर सतरा हजार होती, आणि ती त्यांना मंचावरून उतरू देत नव्हती.

२/ या प्रवासाआधी गावाकडच्याच एका वृत्तपत्राने अशा वादकांना बाहेर पाठवण्याची खिल्ली उडवली होती. जगासमोर आपले हसे होईल, असा त्याचा सूर होता. परक्यांनी उपहास करणे समजण्यासारखे आहे. पण एखाद्या समाजाला स्वतःच्याच गाण्याची लाज का वाटावी? बाल्फा यांचे पुढचे सारे आयुष्य या प्रश्नाशी झुंजण्यात गेले.

३/ या लाजेचा इतिहास जुना आहे. १७५५ मध्ये ब्रिटिशांनी अकेडियातून (आजच्या कॅनडातील नोव्हा स्कोशिया व आसपासचा प्रदेश) फ्रेंचभाषक शेतकऱ्यांची हकालपट्टी सुरू केली. विनाअट राजनिष्ठेची शपथ घेण्यास त्यांनी नकार दिला होता. घरे जाळली गेली, कुटुंबे विखुरली. त्यांतील काही जण पुढे लुईझियानाच्या पाणथळ प्रदेशात स्थिरावले. ‘अकेडियन’ या शब्दाचाच अपभ्रंश होऊन ‘केजन’ झाला.

४/ त्यांचे मुख्य वाद्य फिडल. वाद्य व्हायोलिनच, रीत निराळी. एका तारेवर चाल वाजते, तेव्हा शेजारची तार अखंड घुमत राहते. दोन फिडल असतील तर एक चाल सांभाळते, दुसरी खालच्या सुरांत ठेका धरते. नृत्याच्या रात्री घरातले सामान बाहेर काढून खोली मोकळी केली जाई. ध्वनिवर्धक नसे, पावलांच्या आणि बोलण्याच्या गलक्यावरून शब्द पोहोचावेत म्हणून गायक टिपेचा, ताणलेला आवाज लावी. केजन गायनातील ती आर्त हाक अशा खोल्यांत घडली.

५/ हे संगीत एकाच रक्ताचे नव्हते. अकॉर्डियन जर्मनीतून आले. कृष्णवर्णीय क्रिओल अकॉर्डियनवादक व गायक अमेदे आर्दुआं यांनी १९२९ मध्ये गोरे फिडलवादक डेनिस मॅगी यांच्यासोबत ध्वनिमुद्रण केले. वर्णभेदाने चिरलेल्या समाजात हे दोघे एकत्र वाजवत होते.

६/ बाल्फा यांचा जन्म १९२७ चा, मामू गावाजवळचा. वडील बटाईने शेती करीत आणि फिडल वाजवीत. घरात भाषा फ्रेंच. शाळेत मात्र तिला मज्जाव. १९२१ च्या राज्यघटनेने लुईझियानातील शालेय शिक्षण इंग्रजीतच देण्याचे बंधन घातले होते. शाळेच्या आवारात फ्रेंच बोलणाऱ्या मुलांना शिक्षा होई. ती मुले मोठी झाली, आईबाप झाली, आणि आपल्यासारखे हाल नकोत म्हणून लेकरांशी इंग्रजीतच बोलू लागली. कायद्याने अर्धे काम केले होते. उरलेले मायेने पुरे केले.

७/ न्यूपोर्टहून परतताना बाल्फा यांनी एक निश्चय केला. तिथल्या टाळ्यांचा प्रतिध्वनी गावात ऐकू आला पाहिजे. महोत्सवासाठी संशोधन करणारे राल्फ रिंझलर यांच्या साहाय्याने लुईझियानाच्या हंगामी उत्सवांत जुन्या पद्धतीच्या वादनाच्या स्पर्धा सुरू झाल्या. विल आणि रॉडनी या भावांसोबत बाल्फा यांनी ‘बाल्फा ब्रदर्स’ या नावाने जुनी गाणी ध्वनिमुद्रित केली. पोटासाठी मात्र ते शाळेची बस चालवीत, विमा विकीत, फर्निचरचे दुकान सांभाळीत.

८/ १९६८ मध्ये फ्रेंचच्या विकासासाठी राज्याने परिषद स्थापन केली. तिच्या योजनेतून फ्रान्स, बेल्जियम आणि क्वेबेकहून शिक्षक आले. पण ते शिकवीत ती प्रमाण फ्रेंच. आजीची बोली वर्गाबाहेरच राहिली. त्याच परिषदेच्या पुढाकाराने २६ मार्च १९७४ रोजी लाफायेट येथे केजन संगीताचा मोठा सोहळा झाला. वादळी संध्याकाळ असूनही सुमारे बारा हजार लोक आले. या वेळी टाळ्या वाजवणारे हात घरचे होते.

९/ त्याच दशकात बाल्फा फिडल घेऊन शाळाशाळांत जाऊ लागले. ज्या भाषेसाठी मुलांना शिक्षा होई, त्या भाषेतील गाणी त्याच व्यवस्थेने आता वर्गात बोलावली होती. मायकेल डूसेसारखे तरुण वादक त्यांच्याकडे शिकले. याच सुमारास मोटार अपघातात विल आणि रॉडनी दोघेही गेले. त्यानंतर लवकरच पत्नी हिल्डा यांचेही निधन झाले. दुसऱ्या फिडलची जागा रिकामी झाली, तरी वादन थांबले नाही.

१०/ १९८२ मध्ये अमेरिकेने पारंपरिक कलावंतांसाठी राष्ट्रीय सन्मान सुरू केला. पहिल्याच वर्षीच्या मानकऱ्यांत बाल्फा यांचे नाव होते. जून १९९२ मध्ये त्यांचे निधन झाले. कन्या ख्रिस्तीन यांनी ‘बाल्फा तुजूर’, म्हणजे ‘बाल्फा सदैव’, या नावाच्या वाद्यवृंदातून तो वारसा पुढे नेला.

११/ या कथेचा शेवट निखळ विजयाचा नाही. संगीत वाचले; भाषा तितकी वाचली नाही. आज केजन गाणी उत्साहाने गाणाऱ्या अनेक तरुणांच्या घरी रोजचा व्यवहार इंग्रजीतच चालतो. गाणे मंचावर जगू शकते, भाषेला मात्र स्वयंपाकघर लागते.

१२/ तरीही बाल्फा यांच्या श्रमाचे मोल कमी होत नाही. न्यूपोर्टच्या टाळ्यांवर त्यांना देशभर कारकीर्द उभारून गावाकडे पाठ फिरवता आली असती. त्यांनी बाहेरच्या कौतुकाचा उपयोग घरच्यांची मान ताठ करण्यासाठी केला. लाज शिकवायला एक कायदा आणि एक पिढी पुरली होती. ती विसरायला लावणे किती कठीण असते, हे शाळेच्या बसपासून शाळेच्या वर्गापर्यंतचा त्यांचा प्रवास सांगतो.