मेच्या सुट्टीत मल बेटावर

ब्रिटनमधल्या नातेवाइकांकडे मुलांना घेऊन जाणार असाल, तर तीन दिवस स्कॉटलंडच्या मल बेटासाठी राखून ठेवा. ग्लासगोहून ओबनपर्यंत रेल्वेने सुमारे तीन तास, पुढे बोटीने पाऊण-एक तास.

तारीख मात्र पक्ष्यांना विचारून ठरवावी. रंगीत चोचीचे पफिन जवळच्या लुंगा बेटावर एप्रिलपासून ऑगस्टच्या सुरुवातीपर्यंतच असतात. इंग्लंडमधल्या शाळा जुलैअखेर सुटतात, तोवर त्यांची निघायची वेळ होते. आपली मेची सुट्टी त्यांच्या मुक्कामातच येते.

लुंगाची बोट हवामान साथ देईल तरच जाते. म्हणून ती पहिल्याच दिवशी ठरवा. हुकली तर दुसरा दिवस हाती राहतो. मेमध्ये सूर्य रात्री नऊनंतर मावळतो. मगरिबची वेळ पाहून जेवणखाण, मुलांची झोप आखा.

उरलेला वेळ पांढऱ्या शेपटीच्या समुद्री गरुडासाठी ठेवा. माणसाने ब्रिटनमधून संपवलेला हा पक्षी १९७५ पासून नॉर्वेहून पिल्ले आणून पुन्हा वसवला. १९८५ मध्ये मलवर त्याचे पहिले पिल्लू घरट्यातून उडाले. ही दहा वर्षांची मेहनत मुलांना तिथेच, आकाशाकडे बोट दाखवून सांगा.