दुसरी बाजू ऐकल्याशिवाय

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. मगरिबची नमाज आटोपून आम्ही वह्या तपासायला बसलो होतो. तेवढ्यात एक आपा घरी आल्या. पुण्यातल्याच एका खासगी शाळेत त्या अकरा वर्षे शिकवत होत्या. हातात संस्थेचे पत्र होते. त्यांच्यावर आरोप ठेवले होते, चौकशी समिती नेमायची होती आणि त्यांनी आपल्या वतीने एक सदस्य सुचवायचा होता. "सर, माझ्या वतीने तुम्ही बसाल का?" त्यांनी विचारले.

आम्ही दोन दिवस मागितले. खरे तर आम्हाला विचार करायचा नव्हता, नकार कसा द्यायचा ते ठरवायचे होते. त्या संस्थेचे अध्यक्ष आमच्या संस्थेच्या पदाधिकाऱ्यांचे नातलग. शिवाय "संस्था आपल्याच लोकांची आहे, घरचे भांडण घरात मिटवावे," असे सांगणारेही भेटले. अम्मी मात्र म्हणाल्या, "बेटा, तिने पैसे नाही मागितले. तिचे ऐकून घेणारा एक माणूस मागितला." तरीही आम्ही नकार कळवला.

शेवटी हडपसरच्या एका शाळेतील मराठी शिक्षक त्यांच्या वतीने बसले. आपांची त्यांच्याशी साधी ओळखही नव्हती. समितीतील इतर दोघांनी आरोप सिद्ध मानले. या गृहस्थांनी मात्र आपले वेगळे मत लिहून दिले, की साक्षीदारांना उलट प्रश्न विचारण्याची संधी आपांना मिळालीच नाही. आपांची नोकरी गेली.

मनाला टोचणी लागली म्हणून आम्ही कायदा काढून वाचला. बी.एड.ला असताना त्याचे फक्त नाव पाठ केले होते. महाराष्ट्रातील खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांसाठी १९७७ चा सेवाशर्ती अधिनियम आणि १९८१ ची नियमावली आहे. कायम शिक्षकाला काढायचे तर आधी आरोप लेखी द्यावे लागतात, उत्तराची संधी द्यावी लागते आणि तिघांची समिती नेमावी लागते. एक व्यवस्थापनाचा, एक कर्मचाऱ्याने खासगी शाळांच्या कर्मचाऱ्यांतून निवडलेला आणि तिसरा राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कार मिळालेल्या शिक्षकांच्या यादीतून. त्यानंतरही काढले, तर आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. मुख्याध्यापक आणि जास्तीत जास्त तिघांच्या भरतीपुरती सूट सोडली, तर अल्पसंख्याकांच्या शाळाही या कायद्यातून सुटत नाहीत. न्यायाधिकरण नोकरी आणि थकीत पगार परत देऊ शकते. नोकरी परत द्यायची नाही असे ठरल्यास दहा वर्षे किंवा जास्त सेवा झालेल्याला बारा महिन्यांचा आणि त्याहून कमी सेवेला सहा महिन्यांचा पगार भरपाई म्हणून देता येतो.

आपांनी मुदतीत अपील केले. संस्थेच्या वतीने सांगण्यात आले, की बाई घरी शिकवण्या घेतात, म्हणजे त्यांची कमाई चालू आहे, मागचा पगार कशाला? या मुद्द्यावर सर्वोच्च न्यायालयाचा १२ ऑगस्ट २०१३ चा निकाल आपल्या राज्यातलाच आहे. तेव्हाच्या औरंगाबादमधील प्राथमिक शिक्षिका दीपाली सुरवसे यांच्या शाळेने महापालिकेच्या करासाठी कर्मचाऱ्यांकडे दरमहा १५०० रुपये मागितले होते. त्यांनी विरोध केला. मग २५ मेमो, निलंबन आणि २००७ मध्ये बडतर्फी. न्यायाधिकरणाने पूर्ण पगारासह नोकरी परत दिली, उच्च न्यायालयाने पगार नाकारला, सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा मिळवून दिला. बेकायदा काढलेल्याला नोकरी आणि मागील पगार देणे हा सर्वसाधारण नियम आहे, असे न्यायालयाने म्हटले. आपण बेकार होतो, असे कर्मचाऱ्याने सांगायचे. त्याची चांगली कमाई होती, हे मालकाने सिद्ध करायचे.

आपांना तीन वर्षांनी नोकरी आणि थकीत पगार मिळाला. हडपसरच्या त्या शिक्षकांचे वेगळे मत तिथे कामी आले. पण मधल्या काळात बांगड्या मोडल्या आणि थोरल्या मुलीचे कॉलेज सुटले. तिचे ते वर्ष कोणत्याही आदेशात बसत नव्हते.

प्रेषितांनी (स.) हजरत अली (रजि.) यांना यमनला काझी म्हणून पाठवताना दुसऱ्या पक्षाचे ऐकल्याशिवाय निवाडा करू नका, अशी ताकीद दिली होती. वर्गात ही हदीस आम्ही किती वेळा समजावून सांगितली असेल! आपांच्या वेळी मात्र ती आठवली नाही, किंवा आठवूनही आम्ही गप्प बसलो.

वाचकांपैकी कोणावर अशी वेळ आलीच, तर दबावाखाली राजीनामा लिहून देऊ नका. प्रत्येक पत्राची प्रत जपा आणि ते हाती पडल्याची तारीख त्याच दिवशी लिहून ठेवा. तीस दिवस फार लवकर सरतात.

गेल्या महिन्यात दुसऱ्या एका शाळेतील शिक्षकाचा असाच फोन आला. संस्था कोणाची आहे, हे आम्ही विचारले नाही. बैठकीची तारीख विचारली.