काळा गवा, क्रीम शेरवानी

कात्रजच्या राजीव गांधी प्राणिसंग्रहालयात पांढरा वाघ, अस्वल आणि गवा एकाच दुपारी ऑटो मोडवर टिपले, तर तिन्ही फोटो वेगवेगळ्या तऱ्हेने फसतात. वाघ मळका दिसतो. अस्वलाचा काळाभोर कोट करडा पडतो. गव्याचं काम सगळ्यांत अवघड, कारण त्याचं अंग जवळजवळ काळं आणि गुडघ्याखाली पाय पांढरे. अंगावरचा तपशील धरावा तर पाय जळतात, पाय सांभाळावेत तर अंग सपाट काळं होऊन जातं.

चूक प्राण्यांची नाही, आणि उन्हाचीही नाही. कॅमेऱ्यातल्या मीटरला समोर काय आहे ते कळत नाही. तो परत आलेला प्रकाश मोजतो आणि समोरचं दृश्य सरासरीने मध्यम करडं असणार, असं धरून चालतो. म्हणून पांढऱ्याला तो खाली ओढतो, काळ्याला वर. वाघासाठी एक-दीड स्टॉप एक्स्पोजर वाढवायचं आणि अस्वलासाठी तेवढंच कमी करायचं, हे प्राण्यांचे फोटो काढणारा प्रत्येक जण पहिल्या वर्षातच शिकतो. नवे कॅमेरे चेहरे ओळखतात, दृश्याचे तुकडे करून हिशेब करतात, तरी या गृहीताचा पाया सुटलेला नाही.

प्राणिसंग्रहालयात ही चूक कुणाला बोचत नाही. तिथून थोड्याच अंतरावर, सातारा रस्त्याच्या आणि कात्रज-कोंढवा रस्त्याच्या कडेच्या मंगल कार्यालयांत हेच गणित माणसांवर चालतं, आणि तिथे ते बोचतं. सावळा नवरदेव, अंगावर क्रीम शेरवानी, डोक्यावर फेटा, मागे पांढऱ्या फुलांची सजावट. मीटरला फ्रेमभर पांढरं दिसतं, तो एक्स्पोजर खाली आणतो आणि नवरदेवाचा चेहरा बुडतो. डोळ्यांच्या खोबणी काळ्या, गालाचा उठाव नाहीसा. त्याच्या शेजारी गोरी नवरी असेल तर ती मात्र नीट दिसते, कारण तिची त्वचा मुळात जास्त प्रकाश परत पाठवते, म्हणून एक्स्पोजर खाली आलं तरी ती फारशी बुडत नाही. उलटही होतं: काळ्या पडद्यापुढे मीटर एक्स्पोजर वाढवतो आणि गोरा चेहरा जळतो. पण या दोन चुकांची किंमत सारखी नाही. जळलेल्या चेहऱ्याला घरची मंडळी ‘काय छान गोरी आलीये’ म्हणतात. बुडालेल्या चेहऱ्याचा दोष कॅमेऱ्याला कुणी देत नाही, तो त्या माणसाच्या रंगाला दिला जातो. या धंद्यातल्या माणसाने अस्वस्थ व्हायला हवं ते इथे.

हे गृहीत आजचं नाही. 1913 साली दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणला, तेव्हा बहुतेक फिल्म निळ्या प्रकाशाला संवेदनशील आणि लाल प्रकाशाला जवळजवळ आंधळी असे. आपल्या तपकिरी त्वचेतून परत येणारा प्रकाश लालकडे झुकलेला असतो. तोच फिल्मला दिसत नसल्याने चेहरा प्रत्यक्षापेक्षा गडद उमटे. त्या मूकपटांच्या काळात जगभरच्या नटांच्या तोंडावर फिकट रंगाचे थर चढत, त्याचं एक कारण हे होतं. सगळ्या रंगांना जागी असलेली पँक्रोमॅटिक फिल्म 1920 च्या दशकात रुळली आणि हा दोष बराच कमी झाला.

रंगीत फिल्मने नवा दोष आणला. कोडॅक कंपनी लॅबना रंग जुळवण्यासाठी एका गोऱ्या तरुणीचं छायाचित्र पुरवत असे. शर्ली नावाच्या कर्मचारी तरुणीवरून त्याला शर्ली कार्ड म्हणत. शर्लीची कांती नीट आली, की मशीन बरोबर लागलं. कॅनडातल्या अभ्यासक लॉर्ना रॉथ यांनी या कार्डांचा इतिहास खणून काढला आहे. त्यांच्या लेखनातला एक तपशील विसरता येत नाही. गडद तपकिरी छटा नीट येत नाहीत, ही तक्रार कंपनीने मनावर घेतली ती चॉकलेट आणि लाकडी फर्निचर बनवणाऱ्यांच्या जाहिरातींमुळे. काळ्या मुलांच्या आया शाळेच्या ग्रुप फोटोंबद्दल तेच सांगत होत्या. 1970 च्या दशकाच्या अखेरीस मोझांबिकमध्ये काम करणाऱ्या गोदार या फ्रेंच दिग्दर्शकाने कोडॅकची फिल्म वंशभेदी आहे म्हणून नाकारली.

आपल्याकडे या दोषात प्रिंटिंगची भर पडे. रोल लॅबला गेला की मशीन प्रत्येक निगेटिव्हची सरासरी पुन्हा करड्याकडे आणी, म्हणजे कॅमेऱ्यात सांभाळलेलं लॅबमध्ये सुटे. ऑपरेटर जाणता असेल तर डेन्सिटीचं बटण हाताने दाबून चेहरा वाचवायचा. गावोगावच्या किती अल्बममधले सावळे चेहरे अशा न पाहिलेल्या ऑपरेटरच्या बोटांनी वाचले किंवा बुडाले असतील!

उपाय आहेत, आणि त्यातले बहुतेक स्वस्त आहेत. हातातला मीटर चेहऱ्याजवळ धरून कॅमेऱ्याकडे वळवला, की तो चेहऱ्यावर पडणारा प्रकाश मोजतो. मग शेरवानी क्रीम असो की काळी, फरक पडत नाही. मीटर नसेल तर स्पॉट मीटरिंग गालावर. तेही नसेल तर स्वतःचा तळहात. तळहात सगळ्यांचेच फिकट असतात. त्याचं माप घ्यायचं आणि एक स्टॉप वाढवायचा. ही युक्ती जुनी आहे आणि अजून चालते.

पण नुसता उजेड वाढवून सावळा चेहरा खुलत नाही. सावळ्या त्वचेचं सौंदर्य तिच्या झळाळीत असतं, म्हणजे कपाळावर, गालाच्या हाडावर, नाकाच्या कडेवर प्रकाश कसा सरकतो त्यात. त्यासाठी मोठा, मऊ प्रकाश बाजूने हवा. कॅमेऱ्यावरचा फ्लॅश समोरून मारला की ती सगळी वळणं पुसली जातात. केस आणि पार्श्वभूमी वेगळी दिसावी म्हणून मागून एक हलका दिवा हवा. आणि कार्यालयातले स्वस्त एलईडी तपासून घ्यायला हवेत. त्यांच्या प्रकाशात गडद लाल फार कमी असतो. डोळ्यांना तो पांढराच वाटतो, पण तपकिरी त्वचा त्यात आजारी, हिरवट दिसते. हळदीच्या कार्यक्रमात पिवळ्या कापडांवरून उसळलेला रंग त्यात मिसळला, की व्हाइट बॅलन्स ऑटोवर सोडणं म्हणजे चेहरा नशिबावर सोडणं. मुहूर्ताआधी नवरा-नवरीच्या हातात क्षणभर ग्रे कार्ड दिलं, तर पुढचा सगळा अल्बम सुधारतो.

मग येते ती खरी परीक्षा. ‘दादा, ताईला जरा उजळ करा ना.’ मागणारी आई वाईट नसते, तिने आयुष्यभर हेच ऐकलेलं असतं. मोबाइलचं ब्युटी मोडही तिला तेच शिकवतं. अशा वेळी वाद घालण्यापेक्षा नीट एक्स्पोजर आणि नीट प्रकाशातला फोटो आधी मोठा करून दाखवावा. पुष्कळदा ‘उजळ’ याचा अर्थ ‘चेहरा दिसू दे’ एवढाच निघतो. तरीही हट्ट राहिला तर गोरेपणा फासायला नकार देणं फोटोग्राफरच्या हातात आहे, आणि तो त्याने द्यावा.

नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’त विक्रम अमलाडी यांच्या कॅमेऱ्याने नायक जब्याचा चेहरा उन्हात, धुळीत, त्याच्याच रंगात पाहिला. त्या सिनेमाला जातीची गोष्ट सांगायची होती. जब्याला पडद्यावर उजळ केलं असतं, तर ती गोष्टच खोटी ठरली असती.

यंत्रांना शिकवताना तर हे सगळं नव्याने उगवतं. जॉय बुओलामविनी आणि टिम्निट गेब्रू या संशोधकांनी 2018 मध्ये तीन कंपन्यांच्या चेहरा वाचणाऱ्या प्रणाली तपासल्या. बाई की पुरुष एवढंच ओळखायचं होतं. उजळ पुरुषांच्या बाबतीत चूक जास्तीत जास्त 0.8 टक्के, गडद वर्णाच्या स्त्रियांच्या बाबतीत 34.7 टक्क्यांपर्यंत.

रंगाइतकीच लेन्सही पक्षपाती असते. कात्रज चौकातली संध्याकाळची कोंडी दुरून 200 मिमी लेन्सने टिपली, की गाड्या एकमेकींवर चढल्यासारख्या दिसतात. 24 मिमीने जवळून टिपली तर मधली जागा दिसते. 2020 च्या एप्रिलमध्ये, करोनाच्या साथीत, डेन्मार्कच्या छायाचित्रकारांनी हाच फरक रांगेतल्या माणसांवर करून दाखवला. एका फोटोत गर्दी आणि दुसऱ्यात सुरक्षित अंतर, माणसं तीच.

लग्नाच्या ग्रुप फोटोत हा पक्षपात दिसेनासा होतो आणि म्हणून जास्त घातक ठरतो. स्टेज लहान, माणसं चाळीस, फोटोग्राफर वाइड लेन्स लावून जवळ उभा राहतो. वाइड लेन्स कडेची माणसं आडवी ताणते. मध्ये असतात वधू-वर, आईवडील, मानाचे पाहुणे. कडेला उभ्या राहतात त्या मागून हाक मारून बोलावलेल्या आत्या, स्वयंपाकघरातून घाईने आलेली मावशी, दूरचा चुलतभाऊ. अल्बममध्ये रुंद, वाकडे दिसतात ते हेच. म्हणून खुर्च्या हलवायला सांगाव्यात, कार्यालयाच्या मागच्या भिंतीपर्यंत सरकावं, 50 मिमी लावावी, रांग किंचित अर्धगोल वळवावी आणि कडेच्या मावशीला म्हणावं, ‘मावशी, दोन पावलं आत या, इकडे बघा.’